चित्रपट-दिग्दर्शक स्लातान दुदोव

महिनाअखेरीस जमाखर्चाची वही घेऊन बसलेली गृहिणी आपल्याला घरोघर दिसते. चित्रपटाच्या पडद्यावर मात्र ती फारशी येत नाही. तिच्या त्या बसण्यात नाट्य ते कसले, असेच चित्रपट काढणाऱ्यांना वाटत असावे. १९३२ सालच्या एका जर्मन बोलपटात मात्र ती आहे. बर्लिन शहराबाहेर तळ्याकाठी ठोकलेल्या तंबूत नवरा वर्तमानपत्र वाचतो आहे. माताहारी नावाच्या नर्तकीची, तिच्या रूपाची नि तिच्यावर लुब्ध झालेल्या बड्या लोकांची रसभरित हकीकत तो अडखळत, मोठ्याने वाचतो. शेजारी बसून बायको कागदावर खर्च मांडते आहे. त्याचे वाचन आपल्या कानांवर पडत राहते आणि डोळ्यांपुढे येतात ते वाणसामानाचे जिन्नस व त्यांचे भाव. भांडण नाही, अश्रू नाहीत, पार्श्वसंगीताचा गहिवर नाही. एका तंबूत दोन माणसे बसली आहेत आणि दोघांची मने किती दूर आहेत हे कोणी न सांगता कळते.

हा प्रसंग ज्यांनी घेतला ते दिग्दर्शक म्हणजे स्लातान दुदोव. आपल्याकडे हे नाव बहुतेकींच्या कानांवरून गेलेले नसेल. दुदोव जन्माने बल्गेरियन. पण त्यांचे सारे नाव झाले ते जर्मनीत आणि जर्मन भाषेत. त्यांनी काढलेले चित्रपट मोजके. त्यांतले काही बंद पाडले गेले, काहींवर स्वकीयांनीच टीका केली आणि शेवटचा अपुराच राहिला. तरी चित्रपटाच्या इतिहासाची पुस्तके त्यांना टाळून पुढे जाऊ शकत नाहीत.

दुदोव यांचा जन्म ३० जानेवारी १९०३ रोजी त्सारीब्रोद या गावी झाला. बल्गेरियन भाषेत सोन्याला 'झ्लातो' म्हणतात. त्यावरून मुलाचे नाव स्लातान, म्हणजे आपल्याकडचा एखादा सोनू किंवा सुवर्ण म्हणा ना. गाव सरहद्दीवरचे, बेलग्रेडहून सोफियाकडे जाणाऱ्या रेल्वेमार्गावरचे. पहिल्या महायुद्धात बल्गेरिया हरला आणि १९१९ सालच्या तहाने हा मुलूख सर्ब, क्रोएट व स्लोव्हेन यांच्या नव्या राज्याकडे गेला. सोळा-सतरा वर्षांचा मुलगा जागचा हलला नाही, पण त्याचे गाव परदेशात गेले! आज ते सर्बियात आहे आणि त्याचे नावही बदलून दिमित्रोव्हग्राद झाले आहे. ज्याच्या जन्मगावाची अशी गत झाली, त्याला पुढे आयुष्यभर कुठेच घट्ट मुळे धरता आली नाहीत, यात नवल वाटत नाही.

१९२२ साली, एकोणिसाव्या वर्षी, दुदोव बर्लिनला आले. यायचे कारण वास्तुविद्या शिकणे. परंतु त्या काळचे बर्लिन म्हणजे नाट्यगृहांचे नगर. तरुणाचे मन इमारतींवरून उडाले आणि रंगभूमीवर जडले. त्यांनी अभिनयाचे धडे घेतले, विद्यापीठात नाट्यशास्त्राचा अभ्यास केला, नामवंत दिग्दर्शकांच्या तालमींना जाऊन बसण्याचा परिपाठ ठेवला. फ्रिट्झ लांग हे जगप्रसिद्ध दिग्दर्शक 'मेट्रोपोलिस' हा भव्य मूकपट घेत होते, तेथे साहाय्यक म्हणून कामही केले. प्रचंड यंत्रे, आभाळाला भिडणाऱ्या नकली इमारती, हजारो माणसांचे जमाव, सारे त्यांनी जवळून पाहिले. पुढे स्वतःचा कॅमेरा हाती आला तेव्हा मात्र त्यांनी तो अंधाऱ्या चाळींच्या चौकात नेऊन उभा केला.

कारण बर्लिनचे दुसरे रूपही त्यांच्या डोळ्यांसमोर होते. ते आले त्याच्या पुढच्याच वर्षी जर्मन चलन असे कोसळले की, एका पावाला अब्जावधी मार्क मोजावे लागत. तो फेरा निभावतो न निभावतो तोच १९२९ ची जागतिक मंदी आली. त्या वर्षी दुदोव रशियाला जाऊन तेथील रंगभूमी पाहून आले. मनाने ते साम्यवादाकडे झुकलेले होतेच. त्याच सुमारास बेर्टोल्ट ब्रेख्त या नाटककाराशी त्यांची मैत्री जडली. १९३० साली दुदोव यांनी बर्लिनचा कामगार कसा राहतो हे दाखविणारा एक छोटा माहितीपट केला. कोंदट खोल्या, ओल धरलेल्या भिंती, अंगणात खेळणारी फिकट मुले आणि भाडे थकले म्हणून रस्त्यावर येणारे सामान, एवढाच त्याचा विषय. डिसेंबर १९३० मध्ये ब्रेख्त यांच्या एका वादग्रस्त संगीत-नाट्याचे दिग्दर्शनही दुदोव यांनी केले. त्याला संगीत हान्स आयस्लर यांचे होते आणि गाणारे होते कामगारांचे वृंद.

या मंडळींनी मग बोलपट काढायचे ठरविले. कथा-पटकथा ब्रेख्त, एर्न्स्ट ओटवाल्ट हे कादंबरीकार व स्वतः दुदोव यांची. संगीत आयस्लर यांचे. बोलपटाचे नाव 'कूले व्हांपे'. हे बर्लिनजवळच्या म्यूगेल तळ्याकाठच्या तंबूंच्या वसाहतीचे नाव. बर्लिनच्या बोलीत त्याचा अर्थ गार पोट, म्हणजे रिकामे पोट, असा सांगतात. नावाला जोडून प्रश्न ठेवला होता, हे जग कोणाचे?

पैसा मुळीच नव्हता. चित्रीकरण चालू असतानाच निर्मिती-कंपनीचे दिवाळे निघाले नि दुसऱ्या कंपनीने पदरमोड करून काम पुरे केले. नट-नट्यांबरोबर कामगार-क्रीडासंघांतले हजारो तरुण-तरुणी पडद्यावर आले. दुदोव यांचे वय अठ्ठावीस. पहिलाच मोठा चित्रपट.

कथा सांगायला सोपी आहे. बोनिके नावाचे कुटुंब. बाप बेकार, मुलगा बेकार, मुलगी आनी तेवढी कारखान्यात कामाला. जर्मनीत त्या वेळी साठ लाखांच्या घरात बेकार होते. चित्रपटाच्या आरंभी नोकऱ्यांच्या जाहिराती हातात पडताच तरुणांचा घोळका सायकलींवर सुटतो. एका कारखान्याच्या दारातून दुसऱ्या, तेथून तिसऱ्या. कोठे आत जातात, तशीच बाहेर येतात. चाके फिरत राहतात. बोलणे जवळजवळ नाहीच. मुलगा घरी येतो, जेवायला बसतो आणि त्या जेवणावरच आई-बाप त्याला बोल लावतात. ज्याच्या अंगी काही आहे त्याचे कुठेही भागते, अशा अर्थाची ती बोलणी. मुलगा उत्तर देत नाही. सगळे निघून गेल्यावर तो खिडकीशी जातो, मनगटावरचे घड्याळ काढून नीट ठेवतो आणि खाली उडी टाकतो.

ते घड्याळ काढून ठेवणे विसरता येत नाही. जीव द्यायला निघालेल्या मुलालाही वस्तू फुटू नये, घरच्यांच्या उपयोगी पडावी, हे कळते. गरीब घरातच हे शहाणपण असते. दुदोव यांनी या जागी एकही अश्रू दाखविला नाही. अंगणात बायका जमतात, आता एक बेकार कमी झाला अशा अर्थाचे कोणी तरी बोलून जाते आणि चित्रपट पुढे सरकतो.

भाडे थकते. घर खाली करण्याचा हुकूम न्यायाधीश असा वाचतो की, जणू दिवसभरातल्या पन्नास हुकमांतला तो एक. आनी कचेऱ्यांचे उंबरठे झिजविते, पण काही होत नाही. मग आनीचा मित्र फ्रिट्झ त्या कुटुंबाला तंबूंच्या वसाहतीत आणतो. येथेच तो माताहारी व जमाखर्चाचा प्रसंग. आनीला दिवस गेले आहेत. आता फ्रिट्झ लग्नाला तयार होतो, पण मनापासून नव्हे, गळ्यात पडले म्हणून. साखरपुड्याला पाहुणे येतात, खातात, पितात, झिंगतात. त्या गर्दीत आनीच्या ध्यानात येते की, हा माणूस आपल्याला उपकार म्हणून स्वीकारतो आहे. ती मोडते. त्या तंबूतून निघून ती गेर्डा नावाच्या मैत्रिणीकडे राहायला जाते.

१९३२ साली, पोटात मूल असताना, बेकार घरातल्या मुलीने साखरपुडा मोडावा, आणि दिग्दर्शकाने त्याबद्दल तिला ना शिक्षा द्यावी ना तिच्यावर फुले उधळावीत, ही गोष्ट साधी नव्हे. तिचे पुढे काय होते हे उघड सांगितलेले नाही; सेन्सॉरपुढे ते टिकलेही नसते. गर्भपात हा जर्मन दंडसंहितेच्या २१८ व्या कलमाप्रमाणे गुन्हा होता आणि १९३१ साली त्या कलमाविरुद्ध स्त्रियांनी मोठाली निदर्शने केली होती. दुदोव रस्त्याने चाललेल्या आनीच्या डोळ्यांतून नुसती मुले, बाळांची दुकाने, जाहिराती भराभर दाखवितात. त्या चित्रांच्या माऱ्यात तिची घालमेल दिसते. आनीचे काम हेर्टा टीले या तरुण नटीने केले आहे आणि ते इतके संयमाने की, पुष्कळ ठिकाणी ती केवळ उभी असते.

उत्तरार्ध मला तितका आवडत नाही, हे सांगून टाकते. कामगारांचा क्रीडामहोत्सव येतो, शर्यती, नौका, समूहगान. आयस्लर यांचे एकजुटीचे गीत अंगावर काटा आणते खरे. पण येथे माणसांपेक्षा घोषणा मोठी होते. शेवटी आगगाडीच्या डब्यात उतारूंचा वाद रंगतो. ब्राझीलमध्ये भाव पडू नये म्हणून कॉफी जाळून टाकल्याची बातमी कोणी वाचून दाखवतो आणि ज्याला त्याला मत असते. असे वाद आपण आगगाडीत नेहमी ऐकतो, म्हणून ते खरे वाटतात. जग बदलणार कोण, हा प्रश्न निघतो. त्यावर बोलणारी आहे ती गेर्डा. ज्यांना हे जग पसंत नाही ते, अशा आशयाचे तिचे उत्तर आहे. वादात शेवटचा शब्द एका तरुण मुलीचा, ही दुदोव यांची निवड.

सेन्सॉर मंडळाने मार्च १९३२ मध्ये चित्रपटाला परवानगी नाकारली. तरुणाची आत्महत्या ही एका दुर्दैवी माणसाची गोष्ट न राहता सरकारी धोरणाचा परिणाम म्हणून दिसते, हा मुख्य आक्षेप. सरकारने नुकतेच बेकारांचे भत्ते कापले होते. या आक्षेपावर ब्रेख्त यांनी पुढे एक मजेदार टिपण लिहिले. चित्रपटाचे मर्म सेन्सॉरच्या अधिकाऱ्याइतके टीकाकारांना कळले नाही, असा त्याचा मथितार्थ. वर्तमानपत्रांतून निषेध झाला, वाटाघाटी झाल्या आणि गर्भपाताचे सूचक उल्लेख व इतर काही भाग कापून परवानगी मिळाली. आधी मे महिन्यात मॉस्कोला आणि मग ३० मे १९३२ रोजी बर्लिनला चित्रपट लागला. पुढच्या जानेवारीत हिटलर अधिकारावर आला. २६ मार्च १९३३ रोजी 'कूले व्हांपे'वर बंदी घालण्यात आली.

चित्रपट घडविणाऱ्यांची पांगापांग झाली ती वाचताना वाईट वाटते. ब्रेख्त व आयस्लर देशाबाहेर पडले. ओटवाल्ट रशियात आश्रयाला गेले, तेथेच १९३६ मध्ये पकडले गेले आणि श्रमछावणीत मरण पावले. ज्या देशावर भरवसा ठेवला त्यानेच त्यांना गिळले. फ्रिट्झचे काम करणारे एर्न्स्ट बुश नाझींच्या तुरुंगात पडले. हेर्टा टीले यांनी नाझींच्या प्रचारपटांत काम करण्याचे नाकारले, तेव्हा त्यांना काम मिळेनासे झाले आणि त्या स्वित्झर्लंडला निघून गेल्या.

दुदोव पॅरिसला पोचले. मध्यमवर्गातल्या, नोकरी गेलेल्या एका माणसाची टर उडविणारा 'साबणाचे फुगे' हा छोटा चित्रपट त्यांनी बर्लिनला सुरू केला होता. तो १९३४ मध्ये पॅरिसला पुरा झाला. त्यानंतर पंधरा वर्षे त्यांच्या नावावर एकही चित्रपट नाही. एकतिसाव्या वर्षापासून शेहेचाळिसाव्यापर्यंत! कलावंताच्या आयुष्यातला तोच कर्तृत्वाचा काळ.

ते अगदीच रिकामे बसले नाहीत. निर्वासित जर्मन नट-नट्यांना जमवून त्यांनी ब्रेख्त यांची नाटके बसविली. १९३७ च्या ऑक्टोबरात पॅरिसला 'कारार बाईंच्या बंदुका' या नाटकाचा पहिला प्रयोग झाला. स्पेनमध्ये तेव्हा यादवी युद्ध चालू होते. कारार ही एका कोळ्याची विधवा. नवरा लढाईत गेला, आता मुले तरी वाचावीत म्हणून तिने त्याच्या बंदुका लपवून ठेविल्या आहेत नि ती कोणाचीच बाजू घ्यायला तयार नाही. थोरला मुलगा मासे मारायला गेला असता गोळी घालून मारला जातो. तेव्हा ती स्वतः बंदुका काढून देते, आणि निघते. आईच्या मनातली ही उलथापालथ पाऊण तासात घडते. कारारची भूमिका ब्रेख्त यांच्या पत्नी हेलेन वायगेल यांनी केली. परक्या शहरात, लहानशा नाट्यगृहात हा प्रयोग झाला, पण नाट्य-इतिहासात त्याची नोंद आहे. पुढल्या वर्षी मे महिन्यात हिटलरच्या राज्यातल्या घरगुती भीतीचे छोटे छोटे नाट्यप्रवेश त्यांनी तेथेच रंगभूमीवर आणले. मुले आपल्यावर चहाडी तर करणार नाहीत ना, अशा शंकेने आईबाप घरात दबकून बोलतात, असे ते प्रवेश. राजकारण स्वयंपाकघरापर्यंत कसे येते हे दाखवायचे, हा दुदोव यांचा धागा येथेही तुटला नाही.

फ्रान्समध्येही निर्वासितांना थारा उरला नाही तेव्हा ते स्वित्झर्लंडला गेले. युद्धाची वर्षे त्यांनी तेथे काढली, विनोदी नाटके लिहिली. १९४६ मध्ये ते बर्लिनला परतले. शहर दगडविटांचा ढीग झाले होते. त्याच वर्षी रशियाच्या ताब्यातील भागात 'डेफा' ही चित्रपटसंस्था स्थापन झाली होती. दुदोव तिच्यात सामील झाले.

'आमची रोजची भाकर' हा त्यांचा तेथला पहिला चित्रपट नोव्हेंबर १९४९ मध्ये लागला. पूर्व जर्मनीचे नवे राज्य स्थापन होऊन जेमतेम महिना झाला होता. युद्धानंतरच्या बर्लिनमधले वेबर्स कुटुंब. बाप जुन्या वळणाचा, नव्या राजवटीवर विश्वास नसलेला. एक मुलगा कामगारांबरोबर मोडका कारखाना उभा करू पाहतो. दुसरा काळ्या बाजाराच्या झटपट पैशाला भुलतो आणि वाया जातो. ही सारी ओढाताण जेवणाच्या टेबलाभोवती दिसते. पाव किती आहे, खाणारी तोंडे किती आहेत, कोणाची खुर्ची आज रिकामी आहे. संगीत पुन्हा आयस्लर यांचेच. शेवट अर्थात ठरलेला. बापाला मुलाचे म्हणणे पटते. तरी त्या टेबलाशी दुदोव यांचे जे लक्ष आहे ते 'कूले व्हांपे'ची आठवण देते. या चित्रपटासाठी त्यांना राज्याचे राष्ट्रीय पारितोषिक मिळाले.

यानंतर १९५२ मध्ये आलेल्या 'स्त्रियांच्या नशिबी' या रंगीत चित्रपटाबद्दल थोडे विस्ताराने लिहायला हवे. युद्धात लाखो पुरुष मेले, लाखो कैदेत गेले. बर्लिनमध्ये बायका अधिक, पुरुष थोडे. अशा शहरात कॉनी नावाचा एक छानछोकी तरुण पश्चिम बर्लिनमध्ये मजेत राहतो आणि एकीमागून एक चार स्त्रियांना नादी लावून सोडून देतो. त्या चौघींच्या कथा म्हणजे हा चित्रपट. एकीच्या पदरी मूल येते. रेनाटे ही कोवळ्या वयाची मुलगी; छानसा झगा हवा म्हणून ती पैशाला हात घालते आणि त्या झटापटीत तिच्या हातून धाकटा भाऊ मरतो. ती शिक्षा भोगते, मग कारखान्यात काम करू लागते आणि हळूहळू माणसांत येते. ही भूमिका झोन्या झुटर या नव्या नटीची होती.

एका झग्यापायी एवढा अनर्थ! पण युद्धात बालपण गेलेल्या, कधी नवे वस्त्र अंगाला न लागलेल्या मुलीला त्या झग्याची भूक किती असेल, हे दुदोव यांनी ओळखले होते. तिची हाव त्यांनी हसण्यावारी नेली नाही की निंदिली नाही. चित्रपट लागल्यावर मात्र आक्षेप आला तो त्यांच्याच बाजूच्या लोकांकडून. समाजवादी देशाच्या पडद्यावर इतक्या दुबळ्या, फसणाऱ्या स्त्रिया कशाला? कर्तबगार कामकरी स्त्री कोठे आहे? अशी टीका झाली. टीकाकारांना आदर्श हवे होते. माझ्या मते दोष निराळाच आहे. सारे वाईट ते पश्चिमेकडच्या कॉनीच्या गळ्यात बांधले आणि सारे चांगले पूर्वेकडे ठेवले, हे फार सोयीचे झाले. बाई फसते ती काही नकाशाच्या एकाच बाजूला नव्हे. परंतु निराधार मातेला काम, तिच्या मुलाला पाळणाघर आणि चुकलेल्या मुलीला पुन्हा उभे राहायला जागा मिळाली पाहिजे, ही मागणी १९५२ साली पडद्यावरून इतक्या ठसठशीतपणे मांडणारे दिग्दर्शक जगात किती होते?

नंतरचे दोन चित्रपट थोडक्यात सांगते. १९५४ चा 'रात्रीहून बलवान' ही हाम्बुर्गच्या एका साम्यवादी दांपत्याची, नाझी राजवटीतल्या छळाची व बलिदानाची कथा. नवरा वर्षानुवर्षे छावणीत, बायको मूल सांभाळून बाहेर तग धरते. १९५६ चा 'कोलोनचा कॅप्टन' ही उपहासिका. हाउप्टमान म्हणजे कॅप्टन, आणि हे ज्याचे आडनाव तो एक बेकार वेटर. लोक त्याला फरारी झालेला युद्धगुन्हेगार कॅप्टन समजतात, आणि त्यामुळे त्याला शिक्षा होण्याऐवजी पश्चिम जर्मनीत मानसन्मान, नोकरी, पदे मिळत जातात. शेवटी खरा गुन्हेगार माफी मिळून सुटतो आणि तोतयेगिरीबद्दल बिचारा वेटर तुरुंगात जातो. प्रचार आहेच, पण हसू येते.

दुदोव कामाला फार काटेकोर. मनासारखे होईपर्यंत ते प्रसंग पुन्हा पुन्हा घेत, पटकथेवर महिनोन् महिने घालवीत. म्हणूनच चित्रपट थोडे. १९५९ मध्ये त्यांनी सर्वांना चकित केले. 'प्रेमाचा गोंधळ' हा त्यांचा चित्रपट चक्क प्रेमाची सुखात्मिका होती! वैद्यकीचा विद्यार्थी दीटर, त्याची चित्रकला शिकणारी सोन्या; गवंडीकाम करणारा एडी, त्याची सीगी. मुखवट्यांच्या नृत्यात दीटर सीगीलाच सोन्या समजतो आणि दोन्ही जोड्यांची अदलाबदल होते. लग्नाच्या नोंदणी-कचेरीपर्यंत गोंधळ चालतो नि तेथे प्रत्येकाला आपले मूळ माणूस आठवते. सीगीच्या कामासाठी शेकडो मुलींतून दुदोव यांनी आंगेलिका डोमरोझे या, कचेरीत टंकलेखन करणाऱ्या मुलीला निवडले. पुढे ती त्या देशातली अत्यंत लोकप्रिय नटी झाली. माणसाला आपल्या मनाचे ऐकून चुकण्याची मुभा असावी, एवढेच हा चित्रपट सांगतो. घोषणा जवळजवळ नाहीत. साठीकडे झुकलेल्या या करड्या शिस्तीच्या माणसाला तरुणांच्या मनातले इतके कळत होते, हे पाहून मौज वाटते.

मग त्यांनी 'क्रिस्टीने' हाती घेतला. पटकथा त्यांचीच. क्रिस्टीने ही शेतावर राबणारी तरुण स्त्री, अविवाहित, चार मुलांची आई. चारही मुलांचे बाप निराळे. दर वेळी तिने कोणावर तरी विश्वास टाकला आणि दर वेळी तिच्याजवळ मूल उरले. या खेपेस कॉनीसारखा कोणी एक खलपुरुष नाही, पश्चिम बर्लिन नाही. हे सारे घडते ते जेथे स्त्रीला कायद्याने समान हक्क दिले आहेत त्याच देशात, गावात, शेजाऱ्यांच्या नजरेसमोर. क्रिस्टीनेचे काम आनेटे वोस्का ही तरुण नटी करीत होती. 'कूले व्हांपे'मधल्या आनीला तिशीच्या आतल्या दुदोव यांनी मैत्रिणीच्या दारात नेऊन सोडले होते. साठाव्या वर्षी ते जणू पुन्हा तिच्याच शोधात निघाले.

चित्रीकरण चालू होते. १२ जुलै १९६३ रोजी बर्लिनच्या पूर्वेला, फ्यूर्स्टनवाल्डेजवळ मोटार-अपघातात दुदोव यांचा मृत्यू झाला. दुसऱ्या कोणी तो चित्रपट पुरा केला नाही. क्रिस्टीनेची कथा दुदोव जेथवर घेऊन आले होते तेथवरचीच चित्रफीत मागे राहिली.